मागच्या रांगेतला खोकला

४ जून

नमस्कार.

आपली ओळख नाही. तुमच्या दुकानाचा पत्ता मी सिनेमाच्या ऑफिसातून घेतला. मी डबिंग करते. पडद्यावर ओठ दुसऱ्या कोणाचे हलतात आणि आवाज माझा असतो. साबणाच्या जाहिराती, कार्टूनमधला ससा, परदेशी मालिकांतल्या रडक्या सासवा, असं सगळं आजवर केलं आहे.

तुमच्या बहिणीच्या शेवटच्या सिनेमाचं शूटिंग पुरं झालं आहे हे तुम्हाला माहीत असेलच. राहिलं आहे ते आवाजाचं काम. शूटिंगच्या वेळी जो आवाज घेतात तो कच्चा असतो. त्यात जनरेटर, पंखे, रस्त्यावरच्या गाड्या, सगळं शिरतं. म्हणून नंतर नटनट्या बंद खोलीत पडद्यासमोर उभ्या राहून स्वतःचे संवाद पुन्हा म्हणतात. त्याही त्यासाठी येणार होत्या. तारीख ठरली होती. त्याआधीच ते घडलं.

आता त्यांचा आवाज मी द्यावा असं दिग्दर्शकांचं म्हणणं आहे. होय म्हणण्याआधी तुम्हाला विचारावं असं वाटलं. तुमची हरकत नसेल तर एवढंच सांगा, की त्या घरी कशा बोलायच्या? कॅमेऱ्यापुढचा आवाज माझ्याकडे आहे. घरातला नाही.

फोन नंबरही मिळाला होता. पण गेले काही दिवस मी सतत त्यांचा आवाज कानात घालून तसं बोलायचा सराव करते आहे. परवा माझी मुलगी म्हणाली, "आई, तू कोणाच्या आवाजात रागावते आहेस?" मी तुम्हाला फोन करायचा, तुम्ही 'हॅलो' म्हणायचं, आणि पलीकडून भलताच आवाज तुमच्या कानावर पडायचा, हे मला बरं वाटेना. म्हणून पत्र.

आपली,
डबिंगवाली


१५ जून

नमस्कार.

पत्र मिळालं. उत्तराला उशीर झाला, त्याबद्दल राग नसावा.

सिनेमा दिग्दर्शकांचा आहे, करार त्यांच्याकडे आहेत, तेव्हा माझ्या हरकतीने काही अडणार नाही हे मी जाणतो. पण तुम्ही विचारलंत, म्हणून सांगतो. माझी हरकत आहे.

माझी बहीण चार वर्षांची होईपर्यंत बोलली नव्हती. घरात तिला मुकी म्हणत. पुढे तेच नाव घेऊन ती स्टेजवर उभी राहिली. जिला बोलायला लागायला एवढा वेळ लागला, तिच्या तोंडी दुसऱ्याचा आवाज घालू नये असं मला वाटतं.

ती घरी कशी बोलायची ते मला सांगता येणार नाही. मी चष्मे बनवतो. लिहिण्याबोलण्यातलं मला फारसं कळत नाही.

मुकीचा भाऊ


२० जून

दादा,

तुम्हाला दादा म्हटलेलं चालेल ना? मुकीताई मुलाखतींमध्ये तुम्हाला दादाच म्हणायच्या, त्यामुळे माझ्याही तोंडात तेच बसलं आहे.

तुमची हरकत मी साहेबांना सांगितली. साहेब म्हणजे दिग्दर्शक. ते म्हणाले, "मग दुसरी बघतो." दुसरी कोण तेही मला कळलं. चांगली आहे, आवाज गोड आहे. पण तिने मुकीताईंना समोर उभं राहून बोलताना कधी ऐकलेलं नाही. मी ऐकलं आहे. हे मी पहिल्या पत्रात लिहिलं नव्हतं, कारण वशिला लावल्यासारखं झालं असतं.

एके काळी मीही कविता करायचे आणि त्या स्लॅमच्या स्पर्धांना जायचे. लायब्ररीच्या तळघरात व्हायच्या त्या. तुम्हाला नियम माहीत असतील. हातात कागद नाही, पाठीमागे संगीत नाही, कविता आपली आणि तीन मिनिटं आपली. वर गेलात की गुण कापणार. गुण देणार कोण, तर समोर बसलेल्यांतलेच कोणीही पाच जण, पाटीवर खडूने आकडा लिहून. एकदा एका न्हाव्याने मला दहापैकी चार दिले आणि नंतर जिन्यात म्हणाला, "ताई, केस छान आहेत हो तुमचे."

एका वर्षी सूत्रसंचालकाने पुकारलं, "आता येते आहे, मुकी!" आणि सगळे हसले. तुमची बहीण वर आली आणि हसू ओसरेपर्यंत नुसती उभी राहिली. बेतास बात उंची, अंगात पुरुषी शर्ट, डोळ्याला चष्मा. मग बोलायला लागली. दादा, माझ्या हातातला चहा तसाच निवला. त्या पहिल्या आल्या, मी तिसरी. घरी जाताना मला वाटलं होतं की पोटात दुखेल. नाही दुखलं. वाटलं, आपल्याकडे आवाज आहे आणि हिच्याकडे बोलणं आहे. ज्याचं त्याने करावं. पुढच्याच महिन्यात मी डबिंगच्या चाचणीला गेले.

पुढेही मी नुसती ऐकायला जायचे, तेव्हाची एक गंमत आठवते. त्यांच्या कवितेत दर वेळी, ऐन भरात, मागच्या रांगेतून कोणीतरी खोकायचं. दुसऱ्या कोणाच्या कवितेत नाही, फक्त त्यांच्या! आम्ही त्या माणसाला खोकलेबुवा म्हणायचो. मला वाटायचं, यांच्यावर कोणीतरी जळतं आहे. एकदा मी मागे वळून डोळेसुद्धा वटारले होते, पण अंधारात कोण ते कळलं नाही.

तुम्ही नाही म्हणालात तर मी बाजूला होते. पण मग काम दुसरीकडे जाईल, थांबणार नाही.

तुमची,
डबिंगवाली


२ जुलै

नमस्कार.

तुमची दोन्ही पत्रं आणि माझ्या उत्तराचा कच्चा खर्डा हे सगळं माझ्या बायकोने वाचलं. ती म्हणाली, "त्या बाईंनी एवढं मनापासून विचारलं आणि तुम्ही चष्म्याच्या पावतीएवढं उत्तर धाडलंत." तिचं बरोबर आहे. म्हणून जमेल तसं लिहितो.

आमचं दुकान लहान आहे. पुढे काउंटर आणि आरसा. मागच्या खोलीत काच घासायचं मशीन आणि डोळे तपासायची खुर्ची. आईवडील लवकर गेले, तेव्हा मी नुकता शिकून दुकानात बसायला लागलो होतो आणि ती शाळेत होती. शाळा सुटली की ती मागच्या खोलीत यायची, त्या खुर्चीत बसायची आणि समोरच्या अक्षरांच्या तक्त्याकडे बघत बोलत राहायची. मशीन चालू झालं की घरघर फार होते, त्यामुळे तिला आवाज चढवावा लागायचा. पुढे लोक विचारायचे, एवढ्याशा बाईत एवढा आवाज आला कुठून. मशीनमधून आला.

तिची पहिली कविता त्या तक्त्यावरच होती. मला पाठ आहे.

वरचं अक्षर मोठं असतं,
ते सगळ्यांनाच दिसतं.
आम्ही खालच्या ओळीत राहतो.
डोळे बारीक करा, साहेब,
काच बदला, पुढे वाका.
आम्ही पुसट नाही,
तुम्ही लांब बसला आहात.

मला कवितेतलं कळत नाही. पण तेव्हापासून एखादं गिऱ्हाईक "खालची ओळ दिसत नाही" म्हणालं की मी घाईने काच बदलत नाही. जरा थांबतो.

सिनेमात ती कशी गेली ते सांगतो. लायब्ररीतल्या स्पर्धेला तुमचे साहेब आले होते. तेव्हा तेही नवीन होते. त्यांनी तिला एक वाक्य दिलं. नर्सचं काम होतं आणि वाक्य होतं, "भेटायची वेळ संपली." ते तिने इतक्या जोरात म्हटलं की आवाज घेणाऱ्या गृहस्थांनी कानावरचे हेडफोन काढले आणि म्हणाले, "बाई, पेशंट दगावेल." ती घरी येऊन रडेल असं मला वाटलं होतं. ती दोन दिवस त्या गृहस्थांशेजारी स्टूल टाकून बसली आणि दुसरे लोक कसे बोलतात ते हेडफोन लावून ऐकत राहिली. मग मला म्हणाली, "दादा, तिथे बोलायचंच नसतं. मनात आणायचं, ते दिसतं." मी म्हटलं, "मग एवढी वर्षं माझे कान कशाला खाल्लेस?"

नंतर तिने लिफ्ट चालवणारी बाई केली, शाळेतली शिपाईण केली, नवऱ्याला तुरुंगात भेटायला जाणारी केली. नायिका एकदाही नाही. पण लोक नायिकेला विसरायचे आणि हिच्याबद्दल विचारायचे. लिफ्टच्या सिनेमात तिला सगळी मिळून दहाबारा वाक्यं असतील. मजल्याचा आकडा सांगायचा, एवढंच. तरी शेवटचा मजला येईपर्यंत तिचं कोण गेलं आहे ते कळतं. मी तो सिनेमा थिएटरात चार वेळा पाहिला आणि तिला एकदाच सांगितलं. त्या कामासाठी मिळालेलं बक्षीस दुकानात आरशाशेजारी आहे. गिऱ्हाइकं त्याच्यावर फ्रेम अडकवून ठेवतात. ती म्हणायची, "राहू दे, आता कुठे ते कामाला आलं."

स्पर्धेतल्या मित्रांना तिचं सिनेमात जाणं आवडलं नाही. मुकी विकली गेली, असं म्हणाले. ती त्यांना म्हणाली, "खालच्या ओळीवर बोलून झालं. आता ती ओळ पडद्याएवढी करून दाखवते." हे तिने मला सांगितलं तेव्हा मी एका फ्रेमचा स्क्रू बसवत होतो. मान वर केली नाही. पण मला फार बरं वाटलं होतं. तसं तिला बोललो नाही. आमच्या घरात बोलायचं काम तिचं होतं.

ती कशी बोलायची, याचा विचार केला. वाक्य संपताना आवाज खाली सोडत नसे. अजून काहीतरी यायचं आहे असं वाटायचं. राग आला की हळू बोलायची. थट्टा करायची असली की आधी चष्मा वर सारायची. सिनेमात चष्मा नसला तरी बोट नाकाकडे जायचं, बघा तुम्ही. "अरे" फार म्हणायची. माझ्या बायकोलासुद्धा "अरे वहिनी" म्हणायची.

तुम्ही तिला समोर ऐकलं आहे, तर तुम्हीच करा. मी हरकत मागे घेतो. एकदा मी शूटिंगला गेलो होतो, त्याबद्दल नंतर कधी लिहीन.

आपला,
मुकीचा भाऊ


२८ जुलै

दादा,

तुमच्या पत्राची मी पारायणं केली. "वाक्य संपताना आवाज खाली सोडत नसे." मी महिनाभर जे शोधत होते ते तुम्ही एका ओळीत सांगितलंत, आणि म्हणे बोलण्यातलं कळत नाही! बोट नाकाकडे जातं, तेही दिसलं. एका सीनमध्ये बोट निम्म्या वाटेवर जातं आणि त्या केस मागे सारतात. मी खोलीत एकटीच "अरे!" म्हणून ओरडले.

सिनेमाची गोष्ट तुम्हाला त्यांनी सांगितली असेल. शिवणकामाच्या कारखान्यात आग लागते. वाचलेल्या बायकांपैकी एक, म्हणजे मुकीताई, चौकशी समितीपुढे साक्ष द्यायला उभी राहते. तो साक्षीचा सीन सोडून माझं सगळं काम झालं आहे. साहेब खूश आहेत. पण या सीनने मला रडकुंडीला आणलं आहे.

तुम्हाला सांगते काय झालं ते. सीन एका दमात घेतलेला आहे, मध्ये कुठे तुकडा नाही. त्या टेबलापुढे उभ्या आहेत आणि बोलत आहेत. माझ्या हातात जो कागद आहे त्यात शेवटी आठ ओळींचं भाषण आहे: मालकाबद्दल, कायद्याबद्दल, न्यायाबद्दल. पडद्यावर त्यातलं काही नाही. बोलता बोलता त्या मध्येच थांबतात. डोळे समितीवरून उठून मागे कुठेतरी जातात. ओठाच्या कडेला एक हसू येतं, इतकं बारीक की पहिल्यांदा मला ते दिसलंच नाही. आणि मग आठ ओळी गाळून एकदम शेवटचं वाक्य: "दार होतं, साहेब. बाहेरून बंद होतं." संपलं.

पाहताना अंगावर काटा येतो. पण मला ते म्हणता येत नाही! त्या का थांबल्या, जळालेल्या मैत्रिणींबद्दल बोलताना का हसल्या, हे कळल्याशिवाय माझ्या तोंडून ते वाक्य खोटं निघतं. बारा वेळा केलं, बाराही वेळा फेकलं. साहेबांना विचारलं, तर म्हणतात, "ती प्रतिभा आहे. प्रतिभेला कारण विचारायचं नसतं."

या सीनचा शूटिंगचा आवाज खरं तर चांगला आहे. खोली बंद होती, जनरेटर लांब होता. त्यांचाच आवाज ठेवता आला असता. पण नेमक्या त्या जागी युनिटमधलं कोणीतरी गाढव खोकलं आहे! चांगलं घसा साफ करून. तेवढ्यासाठी त्यांचा स्वतःचा आवाज टाकून द्यायचा आणि माझा घालायचा. मला तर असा संताप आला की ते गाढव समोर असतं तर त्याला खोकल्याचं औषध बाटलीसकट पाजलं असतं.

तुम्हाला त्या हसण्याचं काही सुचतं का? आठवड्याभरात मला हा सीन द्यायचा आहे.

तुमची,
डबिंगवाली


१ ऑगस्ट

नमस्कार.

ते गाढव मी आहे. खोकलेबुवाही मीच. मागे तुम्ही लिहिलंत तेव्हा सांगायला संकोच वाटला.

ती मागच्या खोलीत मोठमोठ्याने बोलत असायची आणि पुढे गिऱ्हाईक यायचं. मी खोकायचो. म्हणजे आता आवर. हाक मारली असती तर गिऱ्हाइकाला कळलं असतं की आत कोणीतरी आहे. पुढे स्पर्धा सुरू झाल्या. स्टेजवर डोळ्यांत दिवे येतात, तिला घड्याळ दिसायचं नाही, आणि बोलायला लागली की तिला वेळेचं भान नसायचं. पहिल्या दोन स्पर्धा ती त्यामुळेच हरली. मग मी मागच्या रांगेत घड्याळ घेऊन बसायला लागलो. वेळ संपत आली की खोकायचो. ती म्हणायची, "कवितेला दोन शेवट पाहिजेत. एक नेहमीचा, आणि एक दादा खोकला तर." कुठेही असली तरी तिथून शेवटच्या ओळीवर उडी मारायचा ती सराव करायची.

तुम्ही डोळे वटारलेत ते मला आठवतं. निळी ओढणी होती. मी घाबरून पुढच्या वेळी बाजूच्या खुर्चीत बसलो होतो.

मी शूटिंगला गेलो तो याच सीनच्या दिवशी. तिनेच बोलावलं होतं. "दादा, उद्या एका दमात बोलायचं आहे, स्पर्धेसारखं. ये आणि मागे बस." समितीच्या मागे जमलेल्या गर्दीसाठी खुर्च्या मांडल्या होत्या. त्यांतल्या शेवटच्या रांगेत, कॅमेऱ्याच्या मागच्या बाजूला, मला जागा दिली. ती बोलायला लागली आणि मी विसरलो की हा सिनेमा आहे. तिचं बोलणं खरं मानून ऐकत होतो. घड्याळ नव्हतं, पण इतक्या वर्षांनी आतून कळतं. वाटलं, ही आता वर जाणार. गुण कापणार. आणि मी खोकलो.

ती थांबली. माझ्याकडे पाहिलं. बाकी तुम्ही लिहिलंच आहे.

नंतर सगळे तिच्याभोवती जमले, साहेबांनी तिचे हात धरले. मला वाटलं, आपला खोकला कोणाला ऐकूच आला नाही. ती गर्दीतून माझ्याजवळ आली आणि म्हणाली, "अरे दादा, इथे वेळेची अट नसते रे!" आणि इतकी हसली की गालावर लावलेली काजळी ओघळली. मी तिला पाहिलं ते त्या दिवशी शेवटचं. नंतर फोन व्हायचे. एका फोनमध्ये म्हणाली, जरा ताप आहे. दुसरा फोन दवाखान्यातून आला.

तेव्हा मात्र कोणी खोकलं नाही. कोणी खूण केली असती तर तिने शेवट नीट केला असता. तिला तो येत होता.

माझी एक विनंती आहे. मी कोणाकडे काही मागत नाही, पण हे मागतो. बाकी सिनेमात तुमचा आवाज असू दे. त्या एका सीनमध्ये तिचा तिलाच राहू द्या. माझ्या खोकल्यामुळे तो जाऊ नये.

मुकीचा भाऊ


२४ ऑगस्ट

दादा,

इतके दिवस लिहिलं नाही, कारण हातात काही नसताना काय लिहायचं? आता ऐका.

तुमचं पत्र घेऊन मी तडक स्टुडिओत गेले. साहेब आणि आवाजवाले काका (तेच ते, "पेशंट दगावेल" म्हणणारे) दोघंही होते. मी पत्र वाचून दाखवलं. निळ्या ओढणीपाशी मला हुंदका आला आणि काकांनी पुढचं वाचलं. वाचून झाल्यावर काका चष्मा पुसत बसले. साहेब म्हणाले, "म्हणजे ते हसू या माणसामुळे? अहो, ते मी तिला सुचवलं असं मी तीन मुलाखतींत सांगून बसलोय!"

मी म्हटलं, "मग चौथीत खरं सांगा."

साहेब वाईट नाहीत, पण हट्टी आहेत. म्हणाले, खोकला काढून टाका आणि तिचा आवाज ठेवा. काकांनी प्रयत्न केला. खोकला निघतो, पण थांबण्याआधीचा त्यांचा शेवटचा शब्द त्याच्यालगत आहे, तोही सोलला जातो. मी म्हटलं, मग खोकला राहू द्या. चौकशीच्या खोलीत माणसं बसली आहेत, एक जण खोकला तर काय बिघडलं? उलट तो नसेल तर त्या कोणाकडे बघून थांबल्या? साहेब म्हणाले, "ते ठीक. पण बाकी सिनेमात तुमचा आवाज आणि इथे तिचा? लोक काय आंधळे-बहिरे आहेत? या सीनमध्ये एकदम दुसरीच बाई बोलायला लागली असं वाटेल. सगळा सिनेमा एका आवाजात हवा. हा सीन तुम्हीच करा."

बरोबरच होतं त्यांचं, दादा. मी चांगलं केलं होतं, पण शूटिंगच्या कच्च्या आवाजावरून केलं होतं. या सीनसारखं नव्हतं. तोंडातून निघून गेलं, "मग माझं सगळं पुसा."

काकांनी हातातले हेडफोन खाली ठेवले.

म्हटलं, या सीनला हात लावायचा नाही. हा खांब. मी पहिल्यापासून पुन्हा करते, याला धरून. शेवटी या सीनपाशी आल्यावर आवाज बदलला असं तुम्हाला वाटलं, तर हाही मी करीन आणि पुन्हा तोंड वर करून बोलणार नाही.

साहेबांनी वीस दिवस दिले. घरी सगळ्यांनी हाय खाल्ली. मुलगी आता माझ्याशी बोलताना "अरे मुकीताई" म्हणते. काल शेवटचं रीळ झालं. काकांनी सिनेमा पहिल्यापासून लावला. साहेब डोळे मिटून बसले होते, नुसतं ऐकत. साक्षीचा सीन आला आणि गेला. ते डोळे न उघडता म्हणाले, "कुठे होता तो सीन?"

त्यांना कळलं नाही, दादा! राहिला. त्यांचा आवाज राहिला.

आता काकांची एक कल्पना. थिएटरात मागच्या भिंतीवरही स्पीकर असतात. खोकला ते तिथून सोडणार आहेत. म्हणाले, "मागच्या रांगेतला आहे, मागच्या रांगेतूनच येऊ दे. दमदार आहे, वाया घालवायचा नाही." आणि साहेब विचारतात, श्रेयनामावलीत तुमचं नाव कसं घालायचं?

तुमची,
डबिंगवाली


३० ऑगस्ट

नमस्कार.

तुम्ही काय केलंत ते मला कळलं आहे. आभार मानायला शब्द सुचत नाहीत. बायको देवासमोर ठेवावं तसं तुमचं पत्र तक्त्याखाली ठेवून आली.

माझं नाव नको. तुमचं मात्र मोठ्या अक्षरात घाला म्हणावं. वरच्या ओळीत.

मुकीचा भाऊ


११ डिसेंबर

ताई,

पहिल्या खेळाच्या पाहुण्यांत मला बोलावलं होतं, पण मी गेलो नाही. तुम्हाला वाईट वाटलं असं साहेबांच्या ऑफिसातून कळलं. तिथे लोक माझ्याकडे बघत बसले असते आणि मला तिच्याकडे बघायचं होतं. तिच्या जाण्यानंतर मी तिचा आवाज कुठेच लावून ऐकला नव्हता. हे तुम्हाला सांगितलं नव्हतं.

आज दुपारी दुकान बंद करून एकटा गेलो. साधं थिएटर, निम्म्या खुर्च्या रिकाम्या. तिकिटाच्या खिडकीवर मागची रांग मागितली. खिडकीतला म्हणाला, "काका, पुढे जागा आहे की." मी म्हटलं, मला लांबचं चांगलं दिसतं.

आरंभी मी खरं सांगायचं तर चूक शोधत होतो. हा तुमचा आवाज, हा तिचा नाही, असं मनात चाललं होतं. पहिल्या पाचदहा मिनिटांत दोनदा तुम्ही सापडलात. मग ती कारखान्याच्या जिन्यावर मैत्रिणीची थट्टा करते तो सीन आला. "अरे बाई" म्हणाली, आणि त्यानंतर मी शोधायचं विसरलो. पुढे मला तुम्ही सापडला नाहीत. मीच शोधत होतो आणि मलाच सापडला नाहीत, याहून जास्त मला सांगता येत नाही. तुमची मुलगी बरोबर बोलते. आता फोन केलात तरी चालेल. करा.

काम तिने फार चांगलं केलं आहे. मी भाऊ म्हणून म्हणत नाही. आगीच्या सीनमध्ये ती ओरडत नाही. सगळ्या ओरडतात, ती नुसती कडी शोधत असते. एवढा आवाज असलेली बाई, आणि तिथे तो वापरला नाही. मला लायब्ररीतली ती आठवली, हसू ओसरेपर्यंत उभी राहिलेली. तीच होती. स्पर्धेतले मित्र म्हणायचे ती बदलली, तर त्यांनी हे बघावं.

मग साक्ष आली. तिने सुरुवात केली आणि माझा हात आपसूक मनगटाकडे गेला. इथे सगळं तिचं, हे मला ठाऊक होतं. थिएटरात कोणी हलत नव्हतं. ती बोलत होती, बोलत होती, आणि खोकला माझ्या घशाशी आला. नेहमीची जागा जवळ आली. मी तोंड घट्ट मिटून धरलं. म्हटलं, आज नाही. आज तिला बोलू दे.

आणि माझ्या अगदी मागून मीच खोकलो.

ती थांबली. तिने वर पाहिलं. टेबलावरून, खुर्च्यांवरून, थेट मागच्या रांगेत, मी बसलो होतो तिथे. हसली. मग तिचं वाक्य म्हणाली.

माझ्या शेजारी एक वयस्कर बाई डोळ्याला रुमाल लावून बसल्या होत्या. त्यांनी रुमाल खाली घेतला, माझ्याकडे वळून डोळे वटारले आणि म्हणाल्या, "अहो, आत्ताच खोकायचं होतं का?"

मी म्हटलं, "माफ करा. सवय आहे."

तुमचा,
खोकलेबुवा